खोलीची शांतता

आई गेली त्याच्या आदल्या दिवशी यार्को तिला खिडकीशी बसवून शूटिंग करत होता. यार्को माझा धाकटा भाऊ. स्वतःवर, आमच्या घरावर छोटे सिनेमे करतो, हा तिसरा. मी टेबलाशी ब्लूबेरी निवडत होते.

"आई, बोलू नकोस. तळ्याकडे बघ."

"जन्मभर बघितलंय रे. ते काही पळून जात नाही."

"आई."

"हनुवटी वर धरू की खाली? खाली धरली तर दोन दिसतात."

मी हसले. "विर्पी, तू बाहेर जा," यार्को वळून न बघता म्हणाला. मी हलले नाही. आईनं मग शेजारच्या हेल्वीची गोष्ट काढली. हेल्वीनं भर तळ्यात नांगर टाकला, पण दोर होडीला बांधायचाच विसरली. यार्को डोळे मिटून ती संपायची वाट बघत राहिला.

शेवटी त्यानं खोलीची शांतता रेकॉर्ड केली. रिकाम्या खोलीलाही आवाज असतो. संकलनात तुकड्यांखाली तो अंथरावा लागतो. आम्ही तिघं श्वास रोखून बसलो. आई मला डोळे मिचकावत होती.

"झालं? मग उठा, सौना तापलाय, वाफ घेऊ."

दुसऱ्या दिवशी सकाळी ती लाकडं आणायला गेली आणि तिथंच पडली. हृदय बंद पडलं.

हिवाळ्यात कायानी शहरातल्या सभागृहात सिनेमा दाखवला. 'आमच्या घरात कुणी बोलत नसे,' यार्कोचा आवाज म्हणत होता. 'आईनं मला वारशात मौन दिलं.' पडद्यावर आई तळ्याकडे बघत होती, बघतच होती. लोक रडले. हेल्वी माझ्या कानाशी लागली, "त्या दिवशी तुझ्या आईला बरं नव्हतं का गं?"

मधल्या कॉफीला मी यार्कोला गाठलं. "आई बोलत होती ते कुठंय?"

"कधी?"

"हेल्वीची होडी. कॅमेरा चालू होता."

"ते उडवलं. कार्ड भरतं गं, कामाचं तेवढंच ठेवतो."

"आवाज तरी?"

"नाही." त्यानं कप खाली ठेवला. "खोलीची शांतता आहे. हवी तर पाठवतो."

मग त्याला मंचावर बसवलं. कुणाला काही विचारायचंय का, असं संयोजिका म्हणाली. आमच्याकडे अशा वेळी कुणी तोंड उघडत नाही. सगळे बुटांकडे बघतात. त्याच्या प्रत्येक सिनेमानंतर आई मला कोपरानं ढोसायची. "चांगला झाला म्हण. आपलं काय जातं." मी म्हणत आले.

मी उभी राहिले.

"आई बोलत होती, यार्को. सारखी बोलत होती. तू तिला गप्प बसवलंस आणि त्याला तिचा स्वभाव म्हणालास. तुझा एकही सिनेमा मला आवडला नाही. आईलाही नाही."