पाठवू शकतील

'शकतील' या शब्दावर तिनं पुन्हा एकदा आडवी रेघ मारली आणि मसुद्याचा कागद टेबलावरून पलीकडे सरकवला. समोरच्या म्हाताऱ्यांनी चष्मा कपाळावर चढवला, कागद नाकाशी नेऊन पाहिला आणि रेघ मारलेल्या शब्दाच्या वर तोच शब्द सुवाच्य अक्षरात परत लिहिला. कागद होता तिथे आला.

"आमची अडचण तुम्हाला ठाऊक आहे, बाई," ते म्हणाले.

"मच्छीमारांचीही ठाऊक आहे," ती म्हणाली.

शेजारी बसलेल्या सचिवसाहेबांनी घसा खाकरला. याचा अर्थ, पुढे बोलू नका.

दोन देशांमधल्या समुद्राबद्दलचा हा करार कितीतरी बैठका झाल्या तरी रखडलेला होता. वादळाचे इशारे एकमेकांना देणं, बुडणाऱ्या बोटीला मदत करणं, या सगळ्यावर एकमत झालं होतं. अडलं होतं ते नवव्या कलमापाशी. चुकून हद्द ओलांडलेल्या मच्छीमारांना दोन्ही देश विनाविलंब परत 'पाठवतील', असं तिचं म्हणणं. परत 'पाठवू शकतील', असं समोरच्यांचं. पाठवतील म्हणजे पाठवावंच लागेल. पाठवू शकतील म्हणजे मर्जी असेल तर. ती तिच्या देशाची कायदा सल्लागार होती आणि हे एवढं एक क्रियापद मिळवण्यासाठी तिनं डोकं फोडायचं तेवढं फोडून झालं होतं. समोरचे म्हातारे त्या देशाचे कायदेपंडित. तिच्या कार्यालयात त्यांना सगळे 'खोडरबर' म्हणत, कारण इकडून काहीही लिहून गेलं की तिकडून ते पुसूनच यायचं.

जेवणाच्या सुट्टीत ती जिन्यापाशी उभी राहिली आणि आईला फोन लावला. आई बंदरावरच्या जुन्या घरात राहायची.

"शेजारच्या वहिनी येऊन बसल्यात," आई हळू आवाजात म्हणाली. "त्यांचा थोरला अजून तिकडेच अटकेत आहे. बोटीचं यंत्र बंद पडलं, वाहत गेले, एवढंच कळलंय. विचारतायत, तुमच्या मुलीची बैठक कुठवर आली?"

"चालू आहे म्हणावं."

"हे मी मागच्या वेळीही सांगितलं होतं."

"मग काय सांगू, आई?"

"अगं, त्यांना काय सांगायचं ते मी बघते. पण कलम तूच लिहितेस ना?"

"मी लिहिते. ते खोडतात. मी परत लिहिते."

"तुझ्या मामाच्या वेळी तर कुणी लिहीतही नव्हतं," आई म्हणाली आणि तिनं फोन ठेवला.

मामा असाच वाहत गेला होता. परत आला तेव्हा ती कॉलेजात होती. तिकडच्या तुरुंगाबद्दल त्याला कुणी काही विचारलं नाही, त्यानंही सांगितलं नाही. फक्त बोट विकून टाकली आणि आयुष्यभर दार उघडं ठेवून झोपला, थंडीतसुद्धा. मामी कुरकुर करायची आणि उठून त्याच्या अंगावर आणखी एक पांघरूण घालायची.

ती वळली तर सचिवसाहेब समोरूनच येत होते, हातात फोन, चेहरा नुकतीच बोलणी खाल्ल्यासारखा.

"मॅडम, आज काही पक्कं करायचं नाही. मंत्र्यांचा निरोप आहे."

"कशाबद्दल?"

"नऊबद्दलच. निवडणूक तोंडावर आलीय. आत्ता त्यांच्याशी हात मिळवतानाचा फोटो छापून आला तर विरोधक सोडणार आहेत का?"

"पण साहेब, मागणी आपली आहे. कबूल करायचं आहे त्यांनी."

"म्हणून तर काळजी नाही. ते नाहीच म्हणणार. म्हणू देत."

"आणि हो म्हणाले तर?"

सचिवसाहेब वाईट माणूस नव्हते. ते खिडकीकडे बघत म्हणाले, "खोडरबर हो म्हणणार? तरी म्हणालेच, तर काहीतरी खुसपट काढा. तुम्हाला जमतं ते."

तिला जे जमतं त्याचं नाव खुसपट आहे, हे तिला आज कळलं. हातातल्या फाइलची नाडी तिनं सोडली, पुन्हा बांधली, आणि त्यांच्या मागोमाग आत गेली.

दुपारच्या सत्रात खोलीत सुस्ती होती. इतिवृत्त लिहिणारी दोन्हीकडची माणसं डोळे ताणून बसली होती. म्हाताऱ्यांनी पाण्याचा घोट घेतला, नवं पान उघडलं आणि नेहमीच्याच रुक्ष आवाजात वाचायला लागले.

"कलम नऊ. चुकून हद्द ओलांडलेल्या मच्छीमारांना दोन्ही देश विनाविलंब परत पाठवतील."

ते थांबले. तिला वाटलं, ऐकण्यात चूक झाली. त्यांच्याच बाजूच्या तरुण अधिकाऱ्यानं मात्र पाठ ताठ केली होती, आणि त्याच्या चेहऱ्यावर आश्चर्य नव्हतं. म्हणजे हे ठरवून आले होते. ते कबूल झाले होते.

टेबलाखाली सचिवसाहेबांचा बूट तिच्या बुटाला लागला.

तिनं समोरचं पान पाहिलं. वाक्य तिचंच होतं. त्यातला शब्दन् शब्द तिनं पारखून घेतलेला, कुणाला बोट घालायला फट राहू नये म्हणून. आता तिलाच ती फट शोधायची होती.

"यातल्या..." ती म्हणाली. "यातल्या 'चुकून' या शब्दाबद्दल आम्हाला थोडा... हद्द चुकून ओलांडली, की जाणूनबुजून, हे कोण ठरवणार?"

हाच प्रश्न म्हाताऱ्यांनी पहिल्याच बैठकीत काढला होता आणि तिनंच तो निकालात काढला होता. तरुण अधिकारी जवळजवळ हसला. त्यानं इतिवृत्त लिहिणाऱ्याकडे वाकून काहीतरी सांगायला सुरुवात केली. त्यांचा देश कबूल होता आणि हिच्या देशानं मोडता घातला, असं एकदा कागदावर आलं की ते जगाला दाखवता येणार होतं.

म्हातारे तिच्याकडे बघत होते. मग त्यांची नजर सचिवसाहेबांकडे गेली आणि पुन्हा तिच्याकडे आली. त्यांनी चष्मा काढला, रुमालानं पुसला.

"माझी चूक झाली," ते म्हणाले. "जुना मसुदा वाचला मी. आमच्या बाजूनं 'पाठवू शकतील' असंच आहे. हे नोंदीत घेऊ नका."

"सर," तरुण अधिकारी म्हणाला.

"घेऊ नका म्हटलं ना."

सचिवसाहेबांनी मोकळा श्वास सोडला. तिला मात्र संताप आला. म्हाताऱ्यानं हातात दिलं आणि मुठीत येण्याआधी काढून घेतलं, चेष्टा केल्यासारखं. उरलेल्या सत्रात तिनं त्यांच्याकडे पाहिलं नाही.

निवेदन टंकून यायची वाट बघत सगळे पांगले, तेव्हा म्हातारे तिच्याजवळ येऊन उभे राहिले.

"निवडणूक कधी आहे तुमच्याकडे?"

ती चमकली. "उन्हाळ्यात."

"असं काहीतरी असणार, वाटलंच." ते आवाज खाली आणून बोलत होते. "तो शब्द मिळवायला मला आमच्या लोकांचे उंबरे झिजवावे लागलेत, बाई. तुमचा नकार आज कागदावर आला असता, तर आमच्याकडे त्याला पुन्हा कुणी हात लावला नसता. आता तो फाइलीत आहे. दिलेला नाही, नाकारलेलाही नाही."

तिनं विचारलं, "पुढच्या बैठकीला तुम्ही असाल ना?"

"नाही. माझी निवृत्ती आहे. हा मुलगा असेल." त्यांनी तरुण अधिकाऱ्याच्या दिशेनं मान हलवली. "तो आज चिडलाय माझ्यावर. चिडणारच."

"म्हणजे उन्हाळ्यापर्यंत ती माणसं आतच."

"हो," ते म्हणाले. त्यांनी ते मऊ करून सांगितलं नाही.

संयुक्त निवेदन आलं. नेहमीचंच होतं. चर्चा मैत्रीपूर्ण वातावरणात पार पडली, उर्वरित मुद्द्यांवर पुढील बैठकीत विचार होईल. दरवेळी हेच छापलं जायचं आणि दरवेळी ती न वाचताच सही करायची. म्हाताऱ्यांनी आधी सही केली आणि कागद तिच्याकडे दिला.

"यातलं एक वाक्य आज खरं आहे," ते म्हणाले आणि कोट घ्यायला गेले.

तिनं मैत्रीपूर्ण वातावरणाचं ते वाक्य वाचलं. ती माणसं आतच असताना ते खरं होतं, म्हणूनच तिला ते जास्त सहन होईना. तिनं पेन टेकवलं आणि सही केली, इतकी दाबून की खालच्या कोऱ्या कागदावरही तिचं नाव उमटलं.