भुयारातलं रडणं

माझ्यामागे गाव बघायला आलेली माणसं मला पहिल्या पाच मिनिटांत कळतात. ज्याचा जीव भुयारात घाबरणार असतो, तो वर उन्हातच टोपीनं वारा घेत उभा असतो. नुसते फोटो काढायला आलेल्याला गल्लीचं नाव सांगून उपयोग नसतो. आणि प्रत्येक घोळक्यात एक शहाणा असतोच, ज्याला माझ्यापेक्षा जास्त माहीत असतं. त्याला मी हेल्मेट एक माप लहान देते.

त्या दिवशी घोळका अकरा जणांचा होता. दहा जण नेहमीसारखेच होते. अकरावी एक म्हातारी होती, ऐंशीच्या पुढची, हातात काठी, पायात पांढरे कॅनव्हासचे बूट. बिर्गूच्या, म्हणजे आमच्या गावाच्या, जुन्या गल्ल्यांतून मी त्यांना फिरवत होते. कुठल्या घराचा लाकडी सज्जा जुना आहे, कुठल्या दारावरच्या माशाच्या आकाराच्या पितळी कड्या नवीन आहेत, नेहमीची टकळी चालू होती. पण कुठे वळायचं हे मी सांगायच्या आधीच ही बाई वळलेली असायची. कोपऱ्यावरच्या संताच्या मूर्तीपाशी तिनं मान वर न करताच छातीवर क्रूस काढला. मग मात्र मला राहवलं नाही.

"कुठल्या हो मावशी तुम्ही?" मी आमच्या भाषेत विचारलं.

"इथलीच. मधली सत्तर वर्षं मेलबर्नला गेली, एवढंच."

"कुणाच्या?"

आमच्याकडे आडनावाला कुणी विचारत नाही. अर्ध्या गावाचं आडनाव एकच. घराण्याचं टोपणनाव सांगितलं की सात पिढ्या कळतात.

"दोरीवाल्यांची," ती म्हणाली. "फिलुमेना. आणि तू सुईणीची ना? चेत्ताची मुलगी. नाकच सांगतंय."

मी पटकन तिच्याकडे पाठ फिरवली. बाकीच्या दहा जणांना मी चर्चची दोन घड्याळं कशी असतात ते सांगायला लागले, कारण काहीतरी बोलणं भाग होतं. आमच्या बेटावर कित्येक चर्चना दोन घड्याळं आहेत. एक खरं, दुसरं नुसतं रंगवलेलं, सैतानाला प्रार्थनेची वेळ कळू नये म्हणून. लोक हसले. फिलुमेना हसली नाही.

मला भीती कशाची वाटली ते आधी सांगते.

आमच्या भुयारात, जमिनीखाली चाळीस पायऱ्यांवर, एक बाळंतिणीची खोली आहे. खोली म्हणजे खडकात कोरलेला कोनाडाच, एक खाट मावेल एवढा. महायुद्धात रोज बॉम्ब पडत होते आणि अर्धं गाव तिथं राहत होतं. बेचाळीस साली त्या खोलीत दोरीवाल्यांच्या ज्वान्नाला, ह्या फिलुमेनाच्या आईला, मुलगा झाला. तो एकदाच रडला, माझ्या आईनं डोक्यावर पाणी घालून त्याला तिथल्या तिथं बाप्तिस्मा दिला, फादर जवळ नसले की सुईणीला तो देता येतो, आणि तो गेला. ही गोष्ट मी अकरा वर्षं सांगत आलेय. ऐकून बायका डोळे पुसतात, पुरुष छताकडे बघतात.

जे मी सांगत नाही ते असं. माझी आई गावातली सगळ्यात चांगली सुईण होती, आणि त्या दिवसानंतर तिनं एकही बाळंतपण केलं नाही. वय सत्तावीस. पिशवी दुसऱ्या सुईणीला देऊन टाकली आणि आयुष्यभर लोकांचे कपडे शिवले. लोकांनी कारण विचारलं की म्हणायची, हात कापतात. सुईत दोरा मात्र पहिल्या फटक्यात ओवायची. त्या बाळाच्या थडग्यावर दर वर्षी मेणबत्ती लावायची, मला न सांगता. मरायच्या आधी तिनं फादरना बोलावलं, अर्धा तास दार बंद होतं, आणि बाहेर आल्यावर फादर माझ्याकडे न बघता पायऱ्या उतरून गेले.

यातून मुलगी काय समजेल? मी तेच समजले. आईच्या हातून ते मूल गेलं. आई गेल्यापासून वीस वर्षं हे मनात होतं आणि त्यातली अकरा मी लोकांना गोड गोष्ट सांगत होते, आणि आज त्या मुलाची बहीण हेल्मेट डोक्यावर चढवून माझ्यासमोर उभी होती.

खाली गारवा असतो, ओल असते. भिंतींवर कुदळीच्या खुणा, दिव्यांच्या कोनाड्यांवर काजळी. प्रत्येक कुटुंबानं स्वतःचा कोनाडा खोदलेला, वर नंबर. मी बाळंतिणीच्या खोलीवरून दोन वाक्यांत पुढे निघाले.

"इथं काहीतरी सांगतेस ना तू?" मागून काठी आपटली. "माझ्या नातीनं इंटरनेटवर वाचलंय. सांग की."

मी सांगितलं. आयुष्यात इतकं वाईट कधी सांगितलं नव्हतं. मग बाकीच्यांना म्हटलं, पुढे जा, कोनाड्यांचे नंबर बघा, विहीर बघा, डोकी सांभाळा. ते गेले.

फिलुमेना खोलीच्या तोंडाशी दगडी कट्ट्यावर बसली.

"मी इथं बसले होते," ती म्हणाली. "सहा वर्षांची. ह्या तोंडावर घोंगडी टांगली होती आणि मी तिला टेकून बसले होते. आईपासून हलायला मी तयार नव्हते."

"मावशी, माझ्या आईनं जर काही—"

"थांब गं, मध्ये बोलू नकोस. सत्त्याहत्तर वर्षं मी कुणाशी हे बोललेले नाही, विसरेन." तिनं काठी दोन्ही हातांत धरली. "तो रडला नाही."

पुढच्या कोनाड्यात कुणीतरी हसलं. फोटोचा उजेड चमकला.

"सगळ्या बायका माळ जपत होत्या. वर धडाडधूम चाललेलं. आणि एक किंकाळी आली. बायका ओरडल्या, रडलं, रडलं! पण ती किंकाळी माझी होती. मी रडले होते."

"तुम्ही?"

"मी. मग तुझी आई बाहेर आली. म्हणाली, मुलगा झाला, एकदा रडला, पाणी घातलंय, गेला. सगळ्यांनी क्रूस काढला. त्याला चर्चच्या मातीत पुरलं. मेलेल्याला बाप्तिस्मा चालत नाही, आणि बाप्तिस्म्याशिवाय गेला असता तर कुंपणाबाहेर पुरलं असतं, तुला माहीतच आहे. आणि मी गप्प बसले. सहा वर्षांची असले म्हणून काय झालं, मला कळत होतं की ते रडणं माझं होतं."

मी तिच्याशेजारी बसले.

"लहानपणी मला वाटायचं, खाली हवाच एवढी कमी, एका रडण्यापुरतीच होती. ती मी घेतली. म्हणून त्याला मिळाली नाही." ती एकदम कडवट हसली. "मोठी झाल्यावर हे हसण्यासारखं वाटायला पाहिजे ना? नाही वाटलं. आणि आई! आई मेलबर्नला मरेपर्यंत सांगायची. दोन दिवस पोटात हलला नव्हता म्हणायची. तिला कळलं होतं म्हणे की गेलाय, पण देवानं त्याला बाप्तिस्म्यापुरता जागा केला. चमत्कार म्हणायची. शेजारणींना बोलावून सांगायची. मी तिथंच चहा ओतत असायचे."

"दोन दिवस हलला नव्हता?" मी विचारलं.

"नव्हता."

म्हणजे तो आधीच गेलेला होता. माझ्या आईच्या हाती तो आला तेव्हाच गेलेला होता. तिच्या हातून काही झालं नव्हतं. मला ओरडावंसं वाटलं, आणि तिथं बसलेल्या म्हातारीपुढे ओरडायची लाज वाटली. कारण तिचं ओझं तसंच होतं.

"तुला विचारायला आलेय," ती म्हणाली. "तुझ्या आईनं तुला काही सांगितलं असेल. पाणी घातलं तेव्हा त्याच्यात धुगधुगी होती का? असेल तर माझ्या किंचाळण्यानं काही बिघडलं नाही. नसेल तर माझ्यामुळे सगळं गाव फसलं, आणि फादर फसले, आणि आई."

"आईनं मला काही सांगितलं नाही." मग मी विचारलं, "पण तुम्ही किंचाळलात कशाला? बॉम्बला?"

"बॉम्बला कोण घाबरतंय! रोजचंच होतं ते. चिमटा काढला मला कुणीतरी. असा धरून पिळला की डोळ्यांपुढे काजवे. गालीनीच्या घरची रीटा असणार, तिच्याशी माझं भांडण होतं. तिला मी मेलबर्नहून कधी ख्रिसमसचं कार्डसुद्धा पाठवलं नाही."

धरून पिळला.

चर्चमध्ये मी चुळबुळ केली की आई माझ्याकडे बघायचीसुद्धा नाही. समोर फादरांकडे बघत, कोपराच्या वरचं मांस दोन बोटांत धरायची आणि पिळायची. माझ्या भावांच्या दंडांवर रविवारभर निळे डाग असायचे. गावात अजून म्हणतात, चेत्ताचा चिमटा.

"कुठल्या हाताला?"

"ह्या." तिनं डावा दंड धरला.

"रीटा कुठे बसली होती?"

"सगळे इकडे." तिनं उजवीकडे, बोगद्याकडे दाखवलं. मग तिचा हात तसाच राहिला. डाव्या बाजूला तिच्या शेजारी माणूसच नव्हतं. डाव्या बाजूला खोलीचं तोंड होतं, जिथं तेव्हा घोंगडी टांगलेली होती.

मी उठले आणि आत गेले. खाटेची जागा अजून दिसते, खडकात तिच्या चार पायांचे खळगे आहेत. पायथ्याशी, जिथं सुईण बसेल, तिथं मी गुडघे टेकले आणि घोंगडीखालून काढावा तसा हात बाहेर काढला. तो थेट तिच्या दंडाला लागला. ताणावासुद्धा लागला नाही.

माझा हात तिच्या कोटाच्या बाहीवर होता.

"तिनं काढला," फिलुमेना शेवटी म्हणाली.

"हो."

"मुद्दाम."

"त्याचं रडणं लोकांना ऐकू यायला हवं होतं, मावशी. नाहीतर कुंपणाबाहेर..."

"कळतंय मला. मी काय म्हातारपणी खुळी झालेय?" ती रागावलेली होती. "सैतानाला फसवायला आपण चर्चवर घड्याळ रंगवतो. तुझ्या आईनं देवालाच फसवलं. गेलेल्या पोरावर पाणी घातलं. आणि मला साक्षीला धरलं! मी सत्त्याहत्तर वर्षं झोपले नाही नीट."

"तीही झोपली नसेल. त्यानंतर तिनं एकाही मुलाला हात लावला नाही." मग मला जे म्हणायचं होतं ते म्हणून टाकलं. "तिच्या वतीनं मी माफी मागते. पाप तिचं होतं. तुम्ही लहान होतात, तुमचं काहीच नव्हतं. तुम्हाला दुखलं म्हणून तुम्ही रडलात."

फिलुमेनानं मान हलवली, हो म्हणायला की नाही म्हणायला ते मला कळलं नाही. रुमाल काढला, नाक शिंकरलं आणि रुमाल बाहीत खोचला, आमच्या बायका खोचतात तसा.

"रीटा आहे का गं अजून?"

"दोन वर्षांपूर्वी गेली."

"बघ," ती म्हणाली. "विनाकारण."

तेवढ्यात माणसं परत आली, विहीर बघून झाली होती. मला आता त्यांना वर न्यायचं होतं. माझ्या डोक्यात एकच विचार होता की दुपारी दुसरा घोळका येणार आणि मी ह्याच जागी उभी राहणार. तेव्हा मी काय सांगायचं? फिलुमेनाचा भाऊ अजून चर्चच्या मातीत आहे. त्याच्या थडग्यावर नाव आहे, बाप्तिस्म्याचं. खरं सांगितलं तर कुणी त्याला उकरून काढणार नाही, आता तसले फादर राहिले नाहीत. पण माझ्या आईनं आपला हात ज्या एका गोष्टीसाठी कायमचा थांबवला, ती गोष्ट मी उघड्यावर मांडायची का? आणि नाही मांडली, तर ह्या बाईनं आणखी किती वर्षं गप्प बसायचं?

एक तरुण बाई मघाच्या गोष्टीनं हेलावलेली दिसत होती. लहान मुलाला पोटाशी बांधून आली होती, हेल्मेटखाली तिचा चेहरा घामेजला होता. खोलीपाशी ती थांबली.

"ते बाळ," तिनं मला विचारलं, "खरंच रडलं होतं का?"

मी तोंड उघडलं. मग फिलुमेनाकडे बघितलं.

फिलुमेना काठीवर जोर देऊन उठली. उजव्या हातानं तिनं आपला डावा दंड धरला होता, कोपराच्या थोडा वर, आणि तो हात तिनं काढला नाही.

"रडलं," ती म्हणाली. "मी इथंच बसले होते. मी ऐकलंय."