दुपारची सुप्रभात

रेशमी रुमालात बांधलेला मिठाईचा डबा. आत लाल चवळीचं पुरण.

पर्सच्या तळाशी, कागदात गुंडाळलेली अर्धी गोळी.

पिवळ्या बदकाच्या सपाता, एका बंद दाराबाहेर, टाचा दाराकडे करून नीट लावलेल्या.

दुपारी कुणीतरी म्हणतंय, ‘सुप्रभात.’

सपाता पाहून मित्सुए रंगमंचामागच्या बोळात चालता चालता थांबली. तोक्योच्या त्या नाट्यगृहात बालकलाकारांवर लक्ष ठेवायला तिला याच हंगामात नेमलं होतं. मूल बंद दाराआड कुणा मोठ्या माणसाबरोबर एकटं राहायला नको, हे तिचं काम. रंगभूषेच्या पोरी तिला ‘सासूबाई’ म्हणत.

सपाता आठ वर्षांच्या चिगुसाच्या. खोली नाटकाच्या नायकाची, कुरामोचींची. चिगुसाची आई फुमिनो समोरच्या भिंतीला टेकून उभी होती.

“तुम्ही बाहेर कशा?”

“सरांसाठी मिठाई घेऊन नमस्कार करायला गेलीय. सर म्हणाले, पोरीला एकटीनं वागायची सवय होऊ दे.”

“मागच्या आठवड्यातही गेली होती. आल्यावर जेवणाला हात लावला नाही तिनं.”

“खाण्याचे नखरेच आहेत तिचे. मित्सुएसान, उगाच फाटे फोडू नका हं. पुढच्या नाटकात कोणाला घ्यायचं ते सरच ठरवतात.”

बोलताना फुमिनो पर्सची चेन उघडत होती, लावत होती.

मित्सुएनं दार ढकललं. आतून कडी होती. तिनं ठोठावलं.

“नंतर या,” आतून आवाज आला.

नाटकवाल्यांची एक रीत असते. दुपारी या, संध्याकाळी या, कामावर आल्यावर म्हणायचं ‘सुप्रभात’च. आणि कानावर पडली की परत द्यायचीच. जो देत नाही त्याला सगळे नावं ठेवतात.

मित्सुएनं छातीभर श्वास घेतला.

“सुप्रभात!”

“सुप्रभात,” शेजारच्या खोलीतून कुणीतरी तोंडात पिना धरून म्हणालं.

“सुप्रभात!” पलीकडून.

“कुरामोचीसर, सुप्रभात!” मित्सुए बंद दाराकडे तोंड करून ओरडली.

एकेक दार उघडलं. टोपवाले हिराबायाशी कंगवा घेऊनच बाहेर आले.

“सासूबाई, भूकंपबिकंप झाला का?”

“सगळ्यांची आली. सरांचीच यायचीय.”

हिराबायाशी हसणार होते. मग त्यांना सपाता दिसल्या. त्यांनी कंगवा खिशात ठेवला, दारासमोर येऊन मित्सुएच्या शेजारी उभे राहिले.

“सर, सुप्रभात!”

मग पिनावाली. मग अख्खा बोळ.

कडी निघाली.

“काय तमाशा लावलाय?” कुरामोची म्हणाले. सगळे त्यांच्याकडे बघत होते. “...सुप्रभात.”

त्यांच्या हाताखालून चिगुसा बाहेर आली. मिठाईचा डबा तिच्या छातीशी होता. रुमालाची गाठ तशीच. तिनं सपाता घातल्या, शिकवल्याप्रमाणे सगळ्यांना वाकून सुप्रभात म्हटली, आणि आईला ओलांडून मित्सुएची बाही धरली.

“चला, व्यवस्थापकांकडे,” मित्सुए म्हणाली. “तुम्हीसुद्धा, फुमिनोसान.”

“हिला आता कोण काम देणार?”

“कदाचित कोणी नाही.”

“मी पण येतो,” हिराबायाशी म्हणाले.

फुमिनो पर्स घट्ट धरून मागून चालू लागली.

सकाळी घरून निघताना चिगुसा म्हणाली होती, पोटात दुखतंय. फुमिनोनं गोळी मोडून अर्धी तिला दिली होती, अर्धी पुढच्या वेळेसाठी ठेवली होती.