झाकणावरचे नाव

मी एक जुनी पत्र्याची पेटी आहे. मित्रांनो, कर्जतच्या बाजारात माझा पत्रा ठोकला गेला. कडावच्या मनोजने सैन्यात जाताना मला विकत घेतले. प्रशिक्षण केंद्रात माझ्या काळ्या झाकणावर पांढऱ्या रंगाने त्याचा नंबर आणि नाव घातले. तो सुट्टीवर आला की त्याची आई विमलबाई मला ओटीवर ठेवायची, येणाऱ्याला नाव वाचता यावे म्हणून.

मनोज अग्निवीर होता. चार वर्षे संपली आणि त्याला पुढे ठेवले नाही. आम्ही घरी आलो. विमलबाई गावात सांगत राहिली की पोरगा सुट्टीवर आला आहे. पण वर्दी पाहून जमलेले लग्न मोडायचे ते मोडलेच. आता तो साजगावला एका कारखान्याच्या फाटकावर शिटी घेऊन उभा राहतो.

धाकट्या बहिणीला, तेजश्रीला, धावायला त्यानेच शिकवले. सैन्यात मुलींची भरती निघाली, तिला बोलावणे आले. त्याच आठवड्यात कालव्याच्या रस्त्यावर तिने त्याला मागे टाकले. पुलावर बसलेल्या पोरांनी विचारले, "मन्या, फौजी तू का ती रं?" त्यानंतर तो धावला नाही.

भरतीला निघण्याच्या आदल्या संध्याकाळी तिने बूट, टॉवेल, कागदपत्रे माझ्यात भरली. मनोज कामावरून आला. त्याने मला कुलूप लावले आणि किल्ली खिशात टाकली.

"दादा, किल्ली दे."

"तू नाय जायचं."

"तूच शिकवलंस ना रं?"

त्याने गळ्यातली शिटी काढून खुंटीला अडकवली. मग म्हणाला, "मला ठेवला नाय, आन तुला घेतली, तर मी तोंड कुठं दाखवू गं?"

विमलबाई तांदूळ निवडत होती. तिने मान वर केली नाही. तेजश्रीने माझी कडी ओढून पाहिली. मी चांगल्या पत्र्याची आहे, कडी तुटली नाही.

उन्हाळ्यात तिचे लग्न झाले. मनोजचे नाव घासून काढले आणि माझ्यात भांडी भरली. खालापूरला, सासरी, ताटातल्या तांदळात अंगठीने तिचे नवे नाव लिहिले गेले: प्रिया. रंगाऱ्याने माझ्यावरही तेच घातले. त्या नावाने हाक आली की ती अजून उशिराच वळते.

भांड्यांखाली, तळाशी, तिचे बूट तसेच आहेत.

मित्रांनो, जुन्या पेटीला गंज चढू नये म्हणून तेल लावा, ओलीत ठेवू नका. आणि कुलूप लावण्याआधी आत कोणाचे सामान आहे, ते एकदा बघा.