तोय, तोय, तोय

जर्मनीतल्या एका छोट्या शहराच्या नाटकगृहात हार्टमुट सरांनी उभा जन्म काढला, तोही नोकरांच्या भूमिकांत. ट्रे घेऊन आत यायचं, "मॅडम, गाडी आली" म्हणायचं आणि निघून जायचं. हे त्यांनी मला इतक्यांदा करून दाखवलंय, की आता ते काम मीच करू शकेन. म्हातारपणी मुलगी काटरिन त्यांना दोह्याला, अबू हमूरच्या आपल्या व्हिलात घेऊन आली. आता स्मरणशक्ती दगा देते. त्यांना सांभाळायला मी, वसईची सिस्टर जुडिथ. दोघंही दमलेले, ते आयुष्याला, मी ड्यूटीला.

कंपाउंडच्या क्लबहाउसमधल्या कार्यक्रमात बाबांनी एकदा तरी राजा व्हावं, असं काटरिनच्या मनात आलं. झालं, राजाचं भाषण घोकणं आमच्या दोघांच्या नशिबी आलं. ते चिडायचे, मीही चिडायचे. "सिस्टर, लोकांसमोर विसरलो तर?" हा एकच धोशा. शेवटच्या नाटकात ते असेच विसरले होते आणि मग त्यांना कोणी बोलावलंच नाही.

कार्यक्रमाच्या दिवशी पडद्यामागे ते पुटपुटू लागले, "तोय, तोय, तोय." शाळेत समानार्थी शब्द पाठ केलेली मी, तोय म्हणजे पाणी. धावत जाऊन ट्रेमध्ये ग्लास घेऊन आले. सर कितीतरी दिवसांनी हसले.

"पाणी नकोय, सिस्टर. स्टेजवर जाणाऱ्याला हे दुसऱ्याने म्हणायचं असतं, दृष्ट लागू नये म्हणून. त्यावर थँक यू म्हणायचं नाही, नाहीतर सगळं फुकट. मला म्हणणारं कोणी उरलं नाही, म्हणून मीच म्हटलं."

तेवढ्यात त्यांचं नाव पुकारलं. "यल्ला, सर, चला" म्हणत मी त्यांना पुढे केलं. म्हणायचं ते राहूनच गेलं.

दोन वाक्यं झाली आणि राजा गप्प. काटरिनने मान खाली घातली. मला ते बघवेना. हातातला ट्रे तसाच घेऊन मी स्टेजवर गेले आणि त्यांच्या कानाशी म्हणाले, "तोय, तोय, तोय."

ते थँक यू म्हणाले नाहीत. माझ्या हातातून ट्रे घेतला, मला राजाच्या खुर्चीत बसवलं. मग पाठ ताठ करून, किंचित वाकून, खणखणीत जर्मनमध्ये म्हणाले, "मॅडम, गाडी आली." तेवढं जर्मन मला येतं.

ट्रे माझ्यापुढे ठेवून ते नेहमीसारखे निघून गेले. लोक टाळ्या वाजवत होते. पाय दुखत होतेच. मी बसूनच पाणी प्यायले.