मेहुण्याचे पाच टक्के

"त्या मेहुण्याला आज घालवायचंच," अध्यक्षीणबाई म्हणाल्या आणि त्यांनी पेनाला टोपण लावलं. म्हणजे निकाल लागलाच.

परिचारिका आणि रुग्णालयातल्या कामगारांच्या पेन्शन निधीची बैठक चालली होती. अध्यक्षीणबाई म्हणजे निवृत्त मेट्रन. त्यांनी नुसतं बघितलं तरी धडधाकट माणसाला आडवं व्हावंसं वाटे. समोर निधीचा गुंतवणूक अधिकारी बसला होता. कुठल्याही प्रश्नाला त्याचं उत्तर 'थोडं थांबा', म्हणून सगळे त्याला थांबासाहेब म्हणत.

मेहुणा म्हणजे निधीतले पाच टक्के. ते शेअरमध्ये नव्हते, रोख्यांतही नव्हते. वायदेबाजारातल्या एका कंपनीकडे सोपवले होते. भाव चढू लागले की ती खरेदीच्या बाजूला, पडू लागले की विक्रीच्या, म्हणून मोठ्या पडझडीतही तिला कमावता यायचं. सगळं आलबेल असलं की मात्र थोडंथोडं गमावत बसायची. हे समजावताना थांबासाहेब एकदा बोलून गेला होता, "आमच्या मेहुण्यासारखं आहे हो. लग्नात रुसून बसतो, पण घरात कुणी गेलं की सगळं तोच करतो." तेव्हापासून इतिवृत्तातसुद्धा 'मेहुण्यावर चर्चा झाली' असंच येई. हे गृहस्थ निधीचे कोण लागतात, असं लेखापरीक्षकांनी लेखी विचारलं होतं.

"इतकी वर्षं नुसता खातोय," मेट्रनबाई म्हणाल्या. "आपल्या घरात गेलंय कोण?"

"थोडं थांबा..."

"कुणी जायची वाट बघत?"

"बाई, शेअर आणि रोखे एकदम पडले, तर पेन्शन द्यायला मातीमोल भावात विकावं लागेल. तेव्हा हाच उभा राहील."

तेवढ्यात दार उघडलं आणि खरा मेहुणा आत आला.

"भावजी, चष्मा विसरलात. ताईनं पिटाळलं मला. गाडी लावायला जागा नाही, जिना अरुंद, आणि तुमचा शिपाई उद्धट आहे."

"हाच का तो?" लिफ्टमननं विचारलं. हे कामगारांचे प्रतिनिधी. उभा जन्म रुग्णालयाच्या लिफ्टमध्ये गेलेला.

"हाच," थांबासाहेब म्हणाला. आता थांबायला जागाच उरली नव्हती.

मेट्रनबाईंनी मेहुण्याला नखशिखान्त तपासलं. "तुम्ही लग्नात रुसता?"

"मग काय करू? खुर्च्या कमी असतात."

"आणि कुणी वारलं की?"

मेहुण्याला हा प्रश्नच कळेना. "गाडी सांगतो. दवाखान्याचे कागद करतो. खुर्च्या आणतो. बाकीचे रडत असतात ना!"

"म्हणजे तेवढ्यासाठी तुम्हाला एरवी सांभाळायचं?"

"सांभाळतंय कोण? सहन करतात."

लिफ्टमन खो खो हसले. "बाई, मीही जन्मभर वर-खालीच केलं. पगार दोन्हीकडे सारखाच. राहू द्या त्याला."

मेट्रनबाईंनी टोपण काढलं. मेहुणा राहिला. खुर्च्यांची तक्रारही इतिवृत्तात नोंदली गेली.

पुढच्या वर्षी बाजार कोसळला. शेअर गेले, त्यांच्यामागोमाग रोखेही गेले. सगळ्या लाल ताळेबंदात एकच ओळ काळी होती. त्या ओळीतून पेन्शन वेळेवर गेली, मातीमोल भावात काही विकावं लागलं नाही. मेट्रनबाईंनी मुद्दाम फोन केला. "तुमच्या मेहुण्याला माझा नमस्कार सांगा हं. खऱ्याला."

तो नमस्कार पोचवायचा राहिला. त्याच आठवड्यात मेहुणा झोपेतच गेला. जाताना पहिल्यांदाच कुणाबद्दल तक्रार न करता.

घरात सगळे भिंतीला टेकून रडत होते. गाडीवाल्याचा नंबर कुणाकडे नव्हता. दवाखान्यातून कुठला कागद आणायचा हे कुणाला ठाऊक नव्हतं. आता काय करायचं, असं कुणीतरी विचारलं आणि सवयीनं सगळ्यांनी दाराकडे बघितलं.

दारात कुणी नव्हतं.

थांबासाहेबानं बायकोच्या हातातून आपला हात हळूच सोडवून घेतला. तो उठला, खोलीभर नजर फिरवली आणि तोंड वाकडं केलं.

"खुर्च्या कमी आहेत," तो म्हणाला, आणि आणायला गेला.