आईने परत पाठवलेली नोटीस

आईने माझं आयुष्यात एकदाच ऐकलं. एरवी माझं कोण ऐकतं! चष्मा लाव म्हटलं की सुईत दोरा ओवून दाखवायची. डॉक्टरकडे चल म्हटलं की, "तूच जा, तुझा रंग बघ कसा उतरलाय," म्हणून उलट मलाच धारेवर धरायची.

आई बॅगा शिवायची, तुटलेल्या चेन बदलायची. तळमजल्यावरची रस्त्यालगतची एक खोली. दाराशी शिलाई मशीन, मागे पलंग, त्यामागे ओटा. एक्केचाळीस वर्षं. गल्लीत तिला चेनवाली म्हणूनच ओळखत. शाळा उघडायच्या आठवड्यात पलंगावर दप्तरांचा ढीग आणि आई जमिनीवर. भाडं कायद्याने बांधलेलं, सांगायची लाज वाटावी इतकं कमी. म्हातारे मालक दर महिन्याला स्वतः यायचे, चहा घ्यायचे, पावती फाडायचे आणि जाताना हटकून म्हणायचे, "चेनवाली, तुझ्या भाड्यात माझी चप्पलसुद्धा येत नाही."

"तुटली की इकडेच आणा," आई म्हणायची.

मालक गेले. त्यांचा मुलगा पहिल्यांदा आला तो कागद घेऊनच. इमारतीची डागडुजी करायची आहे, तेवढ्यापुरती खोली सोडते, अशी आईची सही हवी होती त्याला. आईने मला फोन केला. मी हॉस्पिटलात केसपेपरच्या खिडकीत बसते. दिवसभर लोकांना 'इथे सही करा' सांगायचं, हाच माझा धंदा. समोर रांग, त्यात हा फोन. मी खेकसले, "मी नसताना कशावरही सही करायची नाही. कोणी का येईना, कसला का कागद असेना, हातातच घ्यायचा नाही. कळलं?"

"कळलं," आई म्हणाली. कळलंच होतं तिला, हेच तर झालं.

मालकाचा मुलगा त्यानंतर भाडं न्यायला आलाच नाही. आईला त्यात काही वावगं वाटलं नाही. भाडं मालकाने येऊन न्यायचं असतं, हे ती एक्केचाळीस वर्षं बघत आली होती. ती पैसे बाजूला काढून ठेवत राहिली, आणि मी विचारलं की "भाड्याचं ठीक आहे," म्हणायची. वर्ष उलटल्यावर रजिस्टर पत्र आलं. पोस्टमन म्हणाला, सही करा. आईने त्याला पाणी दिलं आणि पत्र परत दिलं. त्याने पाकिटावर 'घेण्यास नकार' असं लिहिलं. पुढे कोर्टाचा माणूस समन्स घेऊन आला, त्यालाही पाणी. मला यातलं अक्षर कळवलं नाही. मी सांगितलेलंच ती करत होती, त्यात कळवायचं काय?

खोली खाली करायचा हुकूम दारावर चिकटला, तेव्हा मला कळलं.

वकीलबाईंनी कागद चाळले. "नोटीस नाकारली की ती मिळाली असंच धरतात," त्या म्हणाल्या. "त्यानंतर तीन महिने होते भाडं भरायला. समन्स आल्यावरसुद्धा सगळी थकबाकी व्याज-खर्चासकट कोर्टात भरली असती, तर खोली वाचली असती. कायदा भाडेकरूला सांभाळूनच घेतो हो. पण त्याने कागद तरी हातात घ्यायला हवा."

पैसे घरात होते. सगळेच्या सगळे. कमी पडले असते तर मी होते.

एकच वाट उरली होती. निकाल आईच्या गैरहजेरीत लागला होता, तो रद्द करा असा अर्ज. "आईंनी खरं तेच सांगायचं," वकीलबाई म्हणाल्या. "मुलीच्या शब्दावर विश्वास ठेवून कागद घेतला नाही, मुद्दाम नाही. हे साहेबांना पटलं तर आशा आहे." चूक माझी, असं प्रतिज्ञापत्र मी दिलं. आईकडून दहा वेळा घोकून घेतलं. शेवटी ती वैतागली, "झालं गं पाठ, मी काय शाळेत आहे?"

कोर्टात मालकाच्या मुलाचा वकील उठला. तरणाताठा, गोड आवाजाचा.

"आजी, म्हणजे मुलीनेच तुमची खोली घालवली म्हणायची."

त्याने माझं प्रतिज्ञापत्र वर धरलं.

"कागदांचंच काम करते ना ती? तिला एवढंही कळू नये? की आईची खोली जावी असंच होतं तिच्या मनात?"

मी मागच्या बाकावर होते. आईने वळून मला शोधलं. माझं तोंड कसं झालं होतं कोण जाणे. मी जोरजोराने मान हलवत होते. हो म्हण, आई. काय वाटेल ते बोलू दे त्याला, तू हो म्हण.

"तिचं नाव काढायचं नाही," आई म्हणाली. "तिने मला काही सांगितलं नव्हतं. नोटीस भाड्याची आहे हे मला ठाऊक होतं. मी मुद्दाम घेतली नाही."

जजसाहेब भला माणूस. त्यांनी तिला समजावून पुन्हा विचारलं. आई पुन्हा म्हणाली, मुद्दाम. वकीलबाईंनी पेनाला टोपण लावलं.

बाहेर पायऱ्यांवर मी चारचौघांत भांडले. "एक हो म्हणता आलं नाही तुला? एक हो?"

"तो तुला सगळ्यांसमोर तसलं बोलणार आणि मी हो म्हणू?" आई पायरी उतरत म्हणाली. "खोलीचं काय घेऊन बसलीस."

खोलीचं काय! त्या खोलीत तिने मला वाढवलं. बाबा गेले त्याच्या तेराव्या दिवशी ती तिथेच मशीनवर बसली होती. मला रडू आवरेना, आणि तीच माझी पाठ थोपटत होती.

आता आई माझ्याकडे असते, तिसऱ्या मजल्यावर. मशीन खिडकीशी ठेवलंय. इथे तिला कोणी ओळखत नाही आणि चेन घेऊन कोणी जिना चढत नाही. ती मशीनला तेल घालते आणि कापड न लावताच थोडं चालवून बघते.

परवा भाजी घेताना तिची जुनी शेजारीण भेटली. खोली का सोडलीस म्हणून विचारायला लागली.

"हिनेच हट्ट धरला," आई म्हणाली. "म्हणे पुरे झालं आता काम, माझ्याकडेच चल. मग काय करते, सोडली."

"नशीबवान गं तू," शेजारीण माझ्याकडे बघत आईला म्हणाली. "अशी लेक कुठे मिळते?"

"आहेच मुळी मी नशीबवान," आई म्हणाली आणि तिने माझा दंड घट्ट धरला. मीही मान डोलावली.